हृदय धडधडत असताना मृत्यू कोणी ठरवायचा? डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांच्या शस्त्रक्रियेने उभा केलेला प्रश्न

मुंबई : परळ येथील महापालिकेच्या केईएम रुग्णालयात १६ फेब्रुवारी १९६८ रोजी डॉ. प्रफुल्लकुमार सेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एका तरुण रुग्णाचे निकामी झालेले हृदय काढून त्या जागी दुसऱ्या व्यक्तीचे हृदय बसविले. दक्षिण आफ्रिकेतील केपटाऊन येथे डॉ. ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी जगातील पहिले मानवी हृदय प्रत्यारोपण केल्याला तेव्हा अवघे अकरा आठवडे झाले होते. केईएममधील शस्त्रक्रिया जगातील सहावी होती. बर्नार्ड, ॲड्रियन कँट्रोविट्झ आणि नॉर्मन शमवे यांच्यानंतर असे धाडस करणारे डॉ. सेन हे चौथे शल्यविशारद ठरले. नवे हृदय धडधडू लागले. मात्र सुमारे तीन तासांनी रुग्णाचा मृत्यू झाला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये दुसरा प्रयत्न झाला. तो रुग्णही एक दिवस पूर्ण होण्याआधीच दगावला.

भारतात यशस्वी हृदय प्रत्यारोपण होण्यासाठी त्यानंतर २६ वर्षे जावी लागली. या विलंबाचे कारण केवळ औषधांचा अभाव किंवा शस्त्रक्रियेतील अडचणी एवढेच नव्हते. ज्याचे हृदय काढून घ्यायचे ती व्यक्ती मृत आहे, हे कोणत्या क्षणी आणि कोणी ठरवायचे, या प्रश्नाला भारतीय कायद्यात उत्तरच नव्हते. डॉ. सेन यांच्या कारकिर्दीकडे मागे वळून पाहताना शल्यकौशल्याइतकाच हा नैतिक प्रश्नही समोर येतो.

शस्त्रक्रियेपूर्वीची तपश्चर्या

१९१५ साली जन्मलेले डॉ. सेन हे सेठ गोवर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालय आणि केईएम रुग्णालयातील शल्यचिकित्सा विभागाचे प्रमुख होते. भारतातील हृदय व रक्तवाहिन्यांच्या शस्त्रक्रियेचा पाया घालणाऱ्या पिढीत त्यांचे नाव अग्रभागी घेतले जाते. केईएममधील त्यांच्या विभागात रुग्णसेवेच्या जोडीनेच प्राण्यांवरील संशोधनाचे कामही सातत्याने चाले.

त्यांच्या संशोधनाची पद्धत समजून घेण्यासाठी एक उदाहरण पुरेसे आहे. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या हृदयाच्या स्नायूला बराचसा रक्तपुरवठा थेट हृदयाच्या कप्प्यातून होतो. माणसाच्या हृदयधमन्या अरुंद झाल्यास हीच रचना कृत्रिमरीत्या निर्माण करता येईल काय, असा विचार डॉ. सेन यांनी केला. हृदयाच्या स्नायूला सुईने सूक्ष्म छिद्रे पाडून रक्ताला नवी वाट करून देण्याच्या या प्रयोगांचे निष्कर्ष त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६५ मध्ये प्रसिद्ध केले. पुढे अनेक वर्षांनी पाश्चात्त्य देशांत लेसरच्या साहाय्याने अशीच छिद्रे पाडण्याची उपचारपद्धती विकसित झाली, तेव्हा मुंबईतील या कामाची आठवण पुन्हा काढली गेली.

हृदय प्रत्यारोपणाची तयारीही अशीच दीर्घकाळ चालली होती. डॉ. जी. बी. परुळकर आणि अन्य सहकाऱ्यांसह डॉ. सेन यांनी श्वानांवर केलेल्या हृदय प्रत्यारोपणाच्या शंभर प्रयोगांचा प्राथमिक अहवाल १९६५ मध्येच, म्हणजे केपटाऊनच्या शस्त्रक्रियेच्या दोन वर्षे आधी, भारतीय वैद्यकीय संशोधन नियतकालिकात प्रसिद्ध झाला होता. केपटाऊनची बातमी ऐकून घाईने केलेले अनुकरण, असे केईएममधील प्रयत्नाचे वर्णन म्हणूनच करता येत नाही.

नैतिकतेच्या दृष्टीने हा मुद्दा महत्त्वाचा आहे. मानवावरील प्रयोगांसाठी १९४७ मध्ये निश्चित झालेल्या न्यूरेम्बर्ग संहितेत आणि १९६४ च्या हेलसिंकी जाहीरनाम्यात, माणसावर नवा उपचार करण्यापूर्वी प्रयोगशाळेतील पुरेसा आधार असावा, ही अपेक्षा स्पष्ट शब्दांत नोंदविलेली आहे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेने मानवी संशोधनाच्या नैतिकतेसंबंधी पहिले धोरण निवेदन काढले ते १९८० मध्ये. १९६८ साली रुग्णालयात नैतिकता समिती असावी, अशी प्रथाच देशात नव्हती. त्यामुळे ही तयारी करण्याचे बंधन डॉक्टरांनी स्वतःच स्वतःवर घालून घेणे भाग होते.

अपयशाने दिलेला धडा

पहिला रुग्ण का वाचला नाही, याचे शास्त्रीय कारण आज हृदय प्रत्यारोपणाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला शिकविले जाते. हृदय दीर्घकाळ दुर्बल असले की फुफ्फुसांतील रक्ताचा दाब हळूहळू वाढत जातो. रुग्णाच्या स्वतःच्या हृदयाची उजवी बाजू या वाढत्या दाबाला काही अंशी सरावलेली असते. दात्याचे हृदय मात्र निरोगी शरीरातून आलेले असल्याने त्याच्या उजव्या कप्प्याला असा सराव नसतो. फुफ्फुसांतील प्रचंड विरोधाविरुद्ध रक्त ढकलताना ते अल्पावधीत थकते. टाके उत्तम पडले, हृदय सुरू झाले, तरी रुग्ण हातचा जातो तो यामुळे. केईएममधील रुग्णांच्या बाबतीत हेच घडले.

आज प्रत्यारोपणासाठी नाव नोंदविण्यापूर्वी प्रत्येक रुग्णाच्या फुफ्फुसांतील रक्तदाब आणि रक्तप्रवाहाला होणारा विरोध मोजला जातो. तो ठराविक मर्यादेपलीकडे असेल आणि औषधांनी उतरत नसेल, तर केवळ हृदय बदलण्याचा मार्ग टाळला जातो. हे शहाणपण जगभरातील पहिल्या काही रुग्णांच्या मृत्यूंतून आलेले आहे. अपयश प्रामाणिकपणे नोंदवून ठेवणे हेही वैद्यकीय नीतीचे अंग असते, याचा हा दाखला होय.

मृत्यूची जुनी व्याख्या अपुरी का पडली?

हजारो वर्षे मृत्यूची खूण एकच होती : श्वास थांबला आणि हृदय थांबले की माणूस संपला. विसाव्या शतकाच्या मध्याला कृत्रिम श्वसनयंत्र रुग्णालयांत आले आणि ही खूण संदिग्ध झाली. डोक्याला जबर मार बसून मेंदू पूर्णपणे निकामी झालेल्या व्यक्तीचे फुफ्फुस यंत्राच्या साहाय्याने हलत राहू शकते. प्राणवायू मिळत असल्याने हृदयही काही काळ धडधडत राहते, कारण हृदयाचा ठोका मेंदूच्या आज्ञेवर अवलंबून नसतो. तो हृदयातच निर्माण होतो.

मूत्रपिंडाच्या बाबतीत जिवंत नातेवाईक दाता होऊ शकतो. हृदयाच्या बाबतीत ते अशक्य आहे. दुसरीकडे, हृदय पूर्णपणे थांबल्यावर वाट पाहत बसले तर रक्तपुरवठ्याअभावी त्याचा स्नायू काही मिनिटांतच बिघडू लागतो. थोडक्यात, शल्यविशारदाला हवे असते ते जिवंत हृदय, आणि कायद्याला हवी असते ती मृत व्यक्ती. हा पेच १९६८ साली प्रत्येक देशात होता.

केपटाऊनच्या पहिल्या शस्त्रक्रियेत श्वसनयंत्र बंद करून दात्या तरुणीचे हृदय थांबण्याची वाट पाहण्यात आली, असे तेव्हा सांगण्यात आले. अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठाच्या समितीने ऑगस्ट १९६८ मध्ये आपला अहवाल प्रसिद्ध करून, मेंदूचे कार्य कायमचे थांबणे हा मृत्यूचा निकष मानावा, असे सुचविले. केईएममधील पहिली शस्त्रक्रिया या अहवालाच्या सहा महिने आधीची आहे. मुंबई राज्यात नेत्रपटल रोपणासाठी १९५७ पासून कायदा होता; परंतु डोळे हे हृदय थांबल्यानंतर काही तासांनी काढले तरी चालतात. धडधडणाऱ्या हृदयासंबंधी कायदा मौन बाळगून होता.

मौनाची किंमत

कायद्याच्या अशा मौनाची किंमत काय असू शकते, हे जपानच्या अनुभवावरून दिसते. डॉ. जुरो वाडा यांनी ८ ऑगस्ट १९६८ रोजी सप्पोरो येथे जपानमधील पहिले हृदय प्रत्यारोपण केले. रुग्ण ८३ दिवस जगला. त्यानंतर मात्र दाता खरोखर मृत होता काय आणि रुग्णाला नव्या हृदयाची खरोखर गरज होती काय, असे दोन प्रश्न उपस्थित झाले. डॉ. वाडा यांच्याविरुद्ध फौजदारी चौकशी झाली. पुराव्याअभावी खटला उभा राहिला नाही, परंतु जनतेचा विश्वास उडाला तो उडालाच. जपानमध्ये मेंदूमृत दात्याकडून अवयव घेण्यास मुभा देणारा कायदा १९९७ मध्ये झाला आणि पुढचे हृदय प्रत्यारोपण १९९९ मध्ये. एका संशयास्पद शस्त्रक्रियेने तीन दशके गमावली गेली.

अमेरिकेतील व्हर्जिनिया राज्यात मे १९६८ मध्ये डोक्याला इजा झालेल्या एका कृष्णवर्णीय कामगाराचे हृदय, कुटुंबीयांची परवानगी न घेताच, एका गोऱ्या रुग्णाला बसविण्यात आले. कुटुंबीयांचा शोध पुरेसा घेतला गेला नाही, अशी तक्रार घेऊन त्याचा भाऊ न्यायालयात गेला. १९७२ मध्ये ज्यूरीने डॉक्टरांच्या बाजूने निकाल दिला. तरीही गरीब आणि दुर्बल माणसाचा मृत्यू इतरांपेक्षा लवकर जाहीर केला जाईल काय, ही भीती त्या प्रकरणातून कायमची नोंदली गेली. अवयवदानाच्या प्रत्येक कायद्याला या भीतीचे निरसन करावे लागते.

संमती आणि आशा

दुसरा नैतिक प्रश्न रुग्णाच्या संमतीचा आहे. केपटाऊनच्या पहिल्या रुग्णाला बर्नार्ड यांनी यशाची शक्यता ८० टक्के असल्याचे सांगितले होते, अशी नोंद आहे. त्यापूर्वी जगात एकाही माणसाला दुसऱ्या माणसाचे हृदय बसविले गेले नव्हते. मग हा आकडा आला कोठून, असा प्रश्न नंतरच्या अभ्यासकांनी विचारला. तो रुग्ण १८ दिवस जगला आणि न्यूमोनियाने त्याचा अंत झाला.

मरणाच्या दारात उभ्या असलेल्या माणसाची संमती मिळविणे कठीण नसते. म्हणूनच ती मिळविताना डॉक्टरची जबाबदारी वाढते. उपचार सिद्ध झालेला आहे की प्रायोगिक, अन्य मार्ग कोणते, काहीच न केल्यास काय होईल, हे रुग्णाला समजेल अशा भाषेत सांगणे आज बंधनकारक मानले जाते. महापालिकेच्या रुग्णालयात येणारा रुग्ण बहुधा गरीब असतो आणि डॉक्टरचा शब्द त्याला अंतिम वाटतो. अशा ठिकाणी संमतीपत्रावरील अंगठ्याच्या ठशापेक्षा त्याआधी झालेले संभाषण अधिक मोलाचे असते.

थांबण्याचा विवेक

१९६८ या एका वर्षात जगभर शंभरावर हृदय प्रत्यारोपणे झाली. बहुतेक रुग्ण काही दिवसांत किंवा महिन्यांत दगावले. परके हृदय शरीराची प्रतिकारशक्ती नाकारते आणि ही प्रतिकारशक्ती दाबण्याची तेव्हाची औषधे ओबडधोबड होती. परिणामी बहुतांश केंद्रांनी शस्त्रक्रिया बंद केल्या. ब्रिटनमध्ये हा कार्यक्रम १९७९ पर्यंत जवळजवळ थांबलेला होता. केईएममध्येही दोन प्रयत्नांनंतर तिसरा झाला नाही.

या थांबण्याकडे माघार म्हणून पाहण्याची प्रथा आहे. वस्तुतः परिणाम वाईट येत असताना थांबणे हा वैद्यकीय नीतीचा आद्य नियम आहे. स्टॅनफर्ड येथे नॉर्मन शमवे यांनी मात्र मर्यादित प्रमाणात काम चालू ठेवले, शरीर हृदयाला नाकारू लागले आहे हे लवकर ओळखण्याच्या पद्धती विकसित केल्या आणि परिणाम हळूहळू सुधारले. १९८० च्या दशकाच्या प्रारंभी सायक्लोस्पोरिन हे औषध उपलब्ध झाल्यावर चित्र पालटले. अनेकांनी थांबणे आणि थोड्यांनी काळजीपूर्वक चालू ठेवणे, या दोन्हींच्या योगाने ही शस्त्रक्रिया आजच्या स्थितीला पोहोचली.

डॉ. सेन यांना भारत सरकारने १९६९ मध्ये पद्मभूषण देऊन गौरविले. १९८२ मध्ये त्यांचे निधन झाले. भारतातील पहिले यशस्वी हृदय प्रत्यारोपण पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते.

१९९४ चा कायदा काय सांगतो?

१९८० च्या दशकात मुंबईसह देशातील अनेक शहरांत मूत्रपिंडांचा व्यापार उघडकीस आला. गरिबांनी पैशासाठी मूत्रपिंड विकावे आणि दलालांनी नफा कमवावा, हा प्रकार रोखण्याची मागणी वाढली. त्यातून मानवी अवयव प्रत्यारोपण कायदा तयार झाला. त्याला ८ जुलै १९९४ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली. या कायद्याने एकाच वेळी दोन गोष्टी केल्या : अवयवांच्या खरेदी-विक्रीला गुन्हा ठरविले आणि मेंदूस्तंभाच्या मृत्यूला कायदेशीर मान्यता दिली. आरोग्य हा राज्यांचा विषय असल्याने ४ फेब्रुवारी १९९५ पासून हा कायदा प्रथम महाराष्ट्र, गोवा, हिमाचल प्रदेश आणि केंद्रशासित प्रदेशांत लागू झाला. २०११ मध्ये त्यात दुरुस्ती झाली आणि २०१४ मध्ये नवे नियम आले.

मृत्यूचा निर्णय एका डॉक्टरच्या हाती राहू नये, यासाठी कायद्याने चार जणांच्या मंडळाची तरतूद केली आहे. रुग्णालयाचे वैद्यकीय प्रमुख, अधिकृत यादीतील एक तज्ज्ञ, मेंदूविकार तज्ज्ञ किंवा मेंदूशल्यविशारद आणि रुग्णावर उपचार करणारे डॉक्टर असे हे मंडळ असते. प्रत्यारोपण करणाऱ्या पथकातील कोणालाही त्यात स्थान नसते. ज्याला अवयवाची गरज आहे त्याचा डॉक्टर आणि जो मरत आहे त्याचा डॉक्टर, या दोघांत उभी केलेली ही भिंत आहे.

तपासणीची रीतही काटेकोर आहे. बेशुद्धीचे कारण ज्ञात आणि अपरिवर्तनीय असले पाहिजे. झोपेची औषधे, विषबाधा किंवा शरीराचे तापमान घटणे यांमुळे ही अवस्था आलेली नाही, याची खात्री करावी लागते. त्यानंतर प्रकाश पडल्यावर बाहुली आकुंचन पावते काय, डोळ्याला स्पर्श केल्यास पापणी मिटते काय, कानात गार पाणी सोडल्यावर डोळे हलतात काय, घशाला स्पर्श झाल्यावर ठसका किंवा उबळ येते काय, हे पाहिले जाते. अखेरीस श्वसनयंत्र काही मिनिटे दूर करून, रक्तातील कार्बन डायऑक्साइड वाढू देऊनही रुग्ण स्वतःहून श्वास घेतो काय, हे तपासले जाते. सर्व चाचण्या किमान सहा तासांच्या अंतराने दोनदा कराव्या लागतात. यानंतरही कुटुंबीयांनी लेखी संमती दिली तरच अवयव घेता येतात.

कोमा आणि मेंदूमृत्यू यांत फरक

अनेक कुटुंबांच्या मनात येथे एक शंका असते : आज बेशुद्ध असलेला माणूस उद्या शुद्धीवर आला तर? या शंकेचे उत्तर केईएमच्याच इतिहासात सापडते. तेथील परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर १९७३ मध्ये क्रूर हल्ला झाला. त्यानंतर २०१५ मध्ये मृत्यू होईपर्यंत, बेचाळीस वर्षे, रुग्णालयातील सहकारी परिचारिकांनी त्यांची शुश्रूषा केली. त्या मेंदूमृत नव्हत्या. त्या स्वतःहून श्वास घेत होत्या; त्यांचा मेंदूस्तंभ कार्यरत होता. सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या निकालपत्रात हे स्पष्टपणे नोंदविले आहे.

कोमातील किंवा जाणीव हरपलेल्या अवस्थेतील रुग्ण जिवंत असतो आणि कायद्याने तो दाता होऊ शकत नाही. मेंदूस्तंभ मृत झालेल्या व्यक्तीत श्वासोच्छ्वासाचे केंद्रच नष्ट झालेले असते. योग्य तपासणीनंतर असे निदान झालेली व्यक्ती परत येत नाही.

तरीही कायद्यात एक विसंगती शिल्लक आहे. जन्म व मृत्यू नोंदणीच्या १९६९ च्या कायद्यात जीवनाच्या सर्व खुणा कायमच्या नाहीशा होणे म्हणजे मृत्यू, अशी व्याख्या आहे. मेंदूस्तंभाचा मृत्यू हा शब्द मात्र अवयव प्रत्यारोपणाच्या कायद्यापुरताच येतो. त्यामुळे कुटुंबाने अवयवदानास नकार दिला, तर मेंदूमृत व्यक्तीचे श्वसनयंत्र काढावे काय, याबाबत अनेक रुग्णालयांत संभ्रम असतो. माणूस मृत आहे की नाही, हे त्याच्या कुटुंबाच्या अवयवदानाच्या निर्णयावर अवलंबून असू नये, असे मत वैद्यकीय तज्ज्ञ अनेकदा मांडतात.

यश आणि न्याय

कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळून महिनाही झाला नव्हता, तोच ३ ऑगस्ट १९९४ रोजी नवी दिल्लीतील अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेत डॉ. पी. वेणुगोपाल आणि त्यांच्या पथकाने देशातील पहिले यशस्वी हृदय प्रत्यारोपण केले. रुग्ण त्यानंतर एका दशकाहून अधिक काळ जगला. या घटनेच्या स्मरणार्थ ३ ऑगस्ट हा दिवस आता भारतीय अवयवदान दिन म्हणून पाळला जातो. योगायोग असा की, मुंबईत डॉ. सेन यांच्यानंतरचे यशस्वी हृदय प्रत्यारोपणही ३ ऑगस्टलाच, २०१५ मध्ये, झाले. पुण्यातील दात्याचे हृदय ग्रीन कॉरिडॉरद्वारे मुलुंड येथील रुग्णालयात आणण्यात आले. थंड करून ठेवलेले हृदय साधारणपणे चार तासांत नव्या शरीरात सुरू व्हावे लागते. पोलिसांनी रस्ता मोकळा करण्यामागे हे गणित असते.

आज शस्त्रक्रियेचे कौशल्य देशातील अनेक शहरांत उपलब्ध आहे. कमतरता आहे ती दात्यांची आणि सर्वांना परवडेल अशा सोयींची. भारतात मरणोत्तर अवयवदानाचे प्रमाण दर दहा लाख लोकसंख्येमागे एकाहूनही कमी आहे. जी काही हृदये मिळतात, त्यांपैकी बहुतेक प्रत्यारोपणे खासगी रुग्णालयांत होतात. शस्त्रक्रियेनंतर जन्मभर घ्यावी लागणारी औषधे आणि तपासण्या यांचा खर्च सामान्य कुटुंबाच्या आवाक्याबाहेरचा असतो. मात्र दान देणारी कुटुंबे समाजाच्या सर्व थरांतून येतात. देणारा कोणीही आणि घेणारा फक्त ऐपतदार, अशी स्थिती राहिल्यास अवयवदानावरील विश्वास टिकणे कठीण आहे. प्रतीक्षा यादी पारदर्शक ठेवणे आणि सार्वजनिक रुग्णालयांत ही सेवा उभी करणे, हे म्हणूनच नैतिक प्रश्न ठरतात.

या पार्श्वभूमीवर जुलै २०२४ मध्ये केईएम रुग्णालयात पुन्हा हृदय प्रत्यारोपण झाले, या घटनेचे महत्त्व लक्षात येते. पश्चिम भारतातील अवयवदानाचे समन्वयन करणारे विभागीय केंद्रही आता याच रुग्णालयाच्या आवारात आहे. १९६८ साली डॉ. सेन यांच्याजवळ प्रशिक्षित हात होते आणि प्रयोगशाळेतील शंभर प्रयोगांचा अनुभव होता. मृत्यूची सर्वमान्य व्याख्या नव्हती, चार डॉक्टरांचे मंडळ नव्हते, प्रतीक्षा यादी नव्हती. आज ही सर्व व्यवस्था अस्तित्वात आहे. अतिदक्षता विभागाबाहेर बसलेल्या कुटुंबाला मृत्यू म्हणजे काय, हे घाई न करता, स्वच्छ आणि खरे सांगण्याचे काम मात्र अजूनही त्या क्षणी तेथे उभ्या असलेल्या डॉक्टरलाच करावे लागते.